रिकाम्या खुर्चीला स्कोल

गेल्या वर्षभरात आल्गोतनं घरातल्या प्रत्येकाचा अपमान केला होता, आणि तोही एकाच रीतीनं. पेला उचलून.

आता पेला उचलणं म्हणजे काय, हे हेडलुंडांच्या घरात पाळण्यातल्या पोरालाही कळतं. पेला छातीपाशी धरायचा, समोरच्याच्या डोळ्यांत बघायचं, ‘स्कोल’ म्हणायचं, प्यायचं, आणि पेला खाली ठेवण्याआधी पुन्हा एकदा त्याच डोळ्यांत बघायचं. खरी गोम या दुसऱ्या बघण्यात आहे. पहिल्यांदा काय, पोस्टमनसुद्धा बघतो. दुसऱ्यांदा जो बघत नाही, त्यानं तुम्हाला मनातून घराबाहेर काढलं असं खुशाल समजावं. आणि गेल्या वर्षीच्या मिडसमरपासून, म्हणजे जूनमधल्या उन्हाळी सणापासून, आल्गोत कुणाच्याच डोळ्यांत बघत नव्हता. तो कानाकडे बघायचा.

शनिवारी दुपारी व्हेंडेला स्वयंपाकघरात मोठ्या थाळीत शेवंडं रचत होती. गोड्या पाण्यातली, बोटाएवढी, शेपूच्या फुलोऱ्यात उकडून रात्रभर थंड केलेली लालभडक शेवंडं. ऑगस्टात हा बेत झाला नाही तर उन्हाळा संपल्याचं उत्तर स्वीडनच्या ओंगरमानलंडात कुणी मान्यच करत नाही. एकेक जण पाणी प्यायच्या निमित्तानं आत येत होता आणि आपलं गाऱ्हाणं थाळीशेजारी ठेवून जात होता. आल्गोतची ही एक्कावन्न वर्षांची थोरली मुलगी कमी बोलते, म्हणून तिच्याशी सगळेच जास्त बोलायचे.

आधी आली तिची आई, गुनेल. आल्गोतची पहिली बायको आणि त्यानं दिग्दर्शित केलेल्या सुरुवातीच्या साऱ्या सिनेमांची नायिका. तिचं निदान तयार होतं: तो तिची कानातली बघतो. ती कानातली तिला एका दंतवैद्यानं दिली आहेत हे कुणीतरी त्याच्या कानावर घातलंय, आणि घटस्फोटाला इतकी वर्षं होऊनही मेल्याचा जळफळाट संपत नाही. हे सांगताना ती इतकी खुशीत होती, की व्हेंडेलाला तिचा गैरसमज दूर करणं जिवावर आलं.

मग आली सोल्वेग, सध्याची बायको आणि त्याच्या सिनेमांची संकलक. आयुष्यभर दुसऱ्यांच्या चेहऱ्यांची काटछाट केलेली बाई. तिला नजर कळते. तिच्या मते तो तिच्या कानावरून पलीकडे बघतो. पलीकडे कोण बसलेली असते? गुनेल. हे ती इतक्या शांतपणे म्हणाली की शेवंडं पुन्हा एकदा गार पडली.

सोल्वेगचा मुलगा स्टेलान, म्हणजे व्हेंडेलाचा सावत्र भाऊ, फ्रीजमध्ये डोकं घालूनच बोलला. बापाच्या नव्या सिनेमाचा निर्माता तोच. त्याचं म्हणणं, बापाला निर्माते आवडत नाहीत आणि मुलगे तर त्याहून नाहीत. दोन्ही एकाच देहात आल्यावर म्हातारा बघणार तरी कुठे?

शेवटी माइकेनआत्या. आल्गोतची थोरली बहीण. गावच्या प्रार्थनाघरात गेली साठेक वर्षं गिटारीवर कीर्तन करणारी. त्यांचे वडीलही तेच करायचे. बर्फातून गावोगाव जाऊन गाऊन उपदेश. आत्या दारूला शिवत नाही, पण शिवणाऱ्यांच्या पंगतीत बसायला तिला फार आवडतं. तिनं एक शेवंड उचललं, त्याच्या मिशा निरखल्या, आणि म्हणाली की आल्गोतच्या मनाला आता टोचायला लागलंय. आयुष्यभर पडद्यावर उघड्यानागड्या बायका न्हाणीघरातून पळवल्या. आता म्हातारपणी देवाच्या लेकरांच्या डोळ्यांना डोळा भिडवणार कसा? त्या पळणाऱ्यांत सगळ्यात पुढे गुनेल होती. त्यावरून आत्यानं तिच्याशी अर्धा जन्म बोलणं टाकलं होतं. पण दोघींचा समान अपमान झाल्यामुळे आज त्या दोघी एकाच बाकावर बसून काकड्या चिरत होत्या.

व्हेंडेला ऐकत होती, मान हलवत होती आणि शेवंडांच्या नांग्या एका दिशेला करत होती. कारण खरं काय ते तिला ठाऊक होतं. बाबाला दिसत नव्हतं.

म्हणजे आंधळा झाला नव्हता. कडेकडेचं सगळं दिसत होतं. दारातलं मांजर, बाजूनं जाणारी सायकल. गेलं होतं ते मधलं. ज्याच्याकडे बघावं नेमकं तेच पुसलं जायचं, आणि चेहरा दिसायला हवा तर कानाकडे बघावं लागायचं. त्यानं हे कुणाला सांगितलं नव्हतं, तिलाही नाही. पण व्हेंडेला तीस वर्षं त्याच्या कॅमेऱ्याचा फोकस सांभाळत आली होती. नट पुढे आला की भिंगाचं कडं फिरवायचं, मागे गेला की उलटं. बापाचा डोळा आणि तिचा हात, मध्ये वीतभर अंतर. वसंतात चाचणीसाठी थोडं चित्रीकरण झालं, तेव्हा त्यानं एका बाईचं डोकं पूर्ण कापलं आणि तिच्यामागच्या सुंदर सिमेंटच्या भिंतीचं मनापासून कौतुक केलं. तेव्हाच ती समजली.

आल्गोत हेडलुंड स्वतःच्या सिनेमांचा दिग्दर्शकही होता आणि कॅमेरामनही. आपल्या सेटवर त्यानं कधी मॉनिटर, म्हणजे कॅमेऱ्यातलं इतरांना दाखवणारा पडदा, ठेवू दिला नाही. त्याला तो गुरांचा हौद म्हणायचा. आला तो वाकतो आणि तोंड घालतो. कॅमेऱ्याला एकच डोळा लागेल, तो आल्गोतचा. त्यामुळे त्याला काय दिसतं आणि काय नाही, हे दुसऱ्या कुणाला कळायची सोयच नव्हती.

आणि सोमवारी शूटिंग सुरू होत होतं. त्याचा शेवटचा सिनेमा. वडिलांच्या प्रार्थनाघरावरचा, त्याच प्रार्थनाघरात, माइकेनआत्याच्या कीर्तनासह. व्हेंडेला गप्प राहिली तर तो शेवटचा सिनेमा भिंतींचा होणार. बोलली तर स्टेलान स्टॉकहोमहून कुणीतरी मुलगा आणणार, आणि ज्या कॅमेऱ्यापासून ती तीस वर्षं वीतभर अंतरावर उभी राहिली तो तिच्या डोळ्यांदेखत परक्याच्या खांद्यावर जाणार. तो कॅमेरा तिला हवा होता. हे तिनं आजवर फक्त शेवंडांना सांगितलं होतं, आणि ती मेलेली होती.

पाचच्या सुमाराला सगळे पडवीत बसले. डोक्यावर कागदी टोप्या, गळ्यात लाळेरी, वर चंद्राचं तोंड रंगवलेले कंदील. हा असा वेष करून माणसं सारखीच बावळट दिसतात, आणि तोच त्याचा हेतू असतो. आल्गोत टेबलाच्या एका टोकाला बसला. ऐंशीला टेकलेला, खांद्यानं रुंद. बसल्या बसल्याही एक डोळा मिटायची सवय गेलेली नाही. समोरच्या टोकाला स्टेलान. मध्ये बायका.

मग सुरू झालं गाणं आणि पिणं. आमच्याकडे गाण्याशिवाय घोट घेतला तर तो व्यसन समजला जातो. गाऊन घेतला की संस्कृती. प्रत्येक गाण्यामागून माइकेनआत्या त्याच चालीवर आपलं कडवं जोडायची, बेरींचा रस उंचावून:

भरला पेला, सरला पेला, कोण मोजतो घोट?
वरचा बाप रे सारं बघतो, दाखवीत नाही बोट.

दर पेल्याला आल्गोत कुणाच्या तरी कानाला स्कोल करत होता. तिसऱ्या पेल्याला गुनेलचा संयम संपला. तिनं आपली कानातली काढून सगळ्यांसमोर चीजच्या टार्टशेजारी ठेवली आणि त्याला म्हणाली, आता बघ. त्यानं तिच्या रिकाम्या कानाकडे बघितलं, अगदी मायेनं. सोल्वेगनं सुरी खाली ठेवली. आत्या पुटपुटली की दगडाला पाझर फुटेल एकवेळ. व्हेंडेलानं सगळ्यांना ब्रेड वाढला, आधीच वाढलेला असूनही.

एवढ्यात बिअर संपली. स्टेलान उठला. वाऱ्यानं उडू नये म्हणून त्यानं आपली कागदी टोपी खुर्चीच्या पाठीवरच्या लाकडी गोट्यावर अडकवली, त्याखाली लाळेरं बांधलं, आणि तळघराकडे गेला. म्हणजे झालं काय, की टेबलाच्या त्या टोकाला टोपी घातलेलं, लाळेरं बांधलेलं, ताठ बसलेलं काहीतरी उरलं.

आल्गोतनं चमच्यानं पेला वाजवला आणि उभा राहिला.

“स्टेलान,” तो खुर्चीला म्हणाला.

व्हेंडेलानं तळघराच्या दाराकडे बघितलं.

“तुला वाटतं म्हाताऱ्याला आता झेपत नाही. तू बोलत नाहीस, पण तुझं तोंड बोलतं. आत्ताही बोलतंय. केवढं आंबट केलंयस बघ.”

खुर्ची गप्प होती. तिनं खरंच तोंड आंबट केल्यासारखं वाटत होतं.

“तर ऐक. हे तुझं आंबट तोंड जोवर मला इथून इतकं लख्ख दिसतंय, तोवर माझ्या कॅमेऱ्याला दुसऱ्या कुणाचा डोळा लागणार नाही. स्कोल, पोरा.”

तो प्यायला. आणि प्यायल्यावर, वर्षभरात पहिल्यांदा, त्यानं समोर सरळ बघितलं. खुर्चीला कान नव्हते.

 व्हेंडेलाला एकेक चेहरा दिसत होता. गुनेल आपल्या कानाची पाळी चाचपत होती. सोल्वेगनं डोळे मिटले होते, जणू एका लांबलचक रिळाचा जोड कुठे चुकला ते तिला आत्ता सापडत होतं. वर्षभराचे चार अपमान, चार निदानं, चार अबोले असे एका घोटात गेले. आणि तळघराच्या दारात बिअरचं खोकं धरून स्टेलान उभा होता. त्यानं सगळं ऐकलं होतं.

त्यानं खोकं खाली ठेवलं. बूट काढले. मोज्यांवर, आवाज न करता, तो टेबलाच्या कडेनं आला, गोट्यावरची टोपी उचलून डोक्यावर घातली, खुर्चीत सरकला आणि पेला उचलला.

“स्कोल, बाबा.”

त्याचा आवाज जरा फाटला. माइकेनआत्यानं लगेच गिटार ओढली आणि जे सुचेल ते मोठ्यानं गायला लागली, आणि आयुष्यात कधी तिच्या कडव्याला साथ न दिलेली गुनेल तिच्याबरोबर गायली. शब्द येत नव्हते, पण नटी होती; तोंड बरोबर हलवलं.

ताटं आत नेताना स्टेलाननं व्हेंडेलाला भांडी घासायच्या मोरीपाशी गाठलं. कधीपासून ठाऊक होतं, असं त्यानं विचारलं. वसंतापासून, ती म्हणाली. तो रागावला नाही, आणि त्याचंच तिला वाईट वाटलं. मग तो निर्मात्यासारखं बोलायला लागला. स्टॉकहोमचा एक मुलगा मोकळा आहे, हुशार आहे, मानेवर गरुड गोंदवलाय पण काम चोख करतो. सोमवारी सकाळच्या गाडीनं येऊ शकेल.

“मी आहे ना,” व्हेंडेला म्हणाली.

“तू फोकसला आहेस.”

“तीस वर्षं.”

“तेच म्हणतोय मी.” त्यानं ताटातली टरफलं बादलीत लोटली. “तीस वर्षं त्या कॅमेऱ्याला खेटून उभी आहेस आणि एकदाही म्हणाली नाहीस की मला दे. मला काय स्वप्न पडणार होतं? जा, माग त्याच्याकडे. त्यानं दिला तर माझी ना नाही. नाही दिला तर गरुड येतो.”

आल्गोत मागच्या पायऱ्यांवर बसला होता, तोंड समुद्राकडे, एक डोळा मिटलेला. ऊन अजून बेटांच्या टोकांवर होतं. व्हेंडेला शेजारी बसली. काय बोलायचं ते तिनं जुळवलं होतं, पण आधी तोच बोलला.

“खुर्ची होती ना ती?”

“हो.”

“वाटलंच. स्टेलान इतका वेळ मध्ये तोंड न घालता कधी बसलाय?” तो थोडा हसला. “नंतर उत्तर आलं तेव्हा म्हटलं, चला, खुर्ची निदान शिकलेली आहे.”

 आतून भांड्यांचे आवाज येत होते.

“बाबा, कॅमेरा मला दे.”

“दया आली?”

“नाही. मला हवाय. तुला दिसत असतं तरी हवा होता.”

त्यानं मान वळवली, तिच्या कानाकडे. म्हणजे तिच्याकडे.

“मग दिसत होतं तेव्हा का नाही मागितलास?”

“तू दिला नसतास.”

“नसता दिला,” तो मोकळेपणानं म्हणाला. आणि मग त्याचा आवाज बदलला. “आणि मी काय करायचं? मिशीला तूप लावून बसू?”

“दिग्दर्शन कर.”

“मग इतकी वर्षं काय करत होतो मी?”

याचं उत्तर त्यांच्या डोक्यावरच्या खिडकीतून आलं. “डावीकडे,” गुनेल आतून म्हणाली. ताट पुसता पुसता ती सगळं ऐकत होती, आणि ते लपवायची तिला गरज वाटत नव्हती. “सगळ्या सिनेमांत मिळून एवढंच सांगितलंस मला. डावीकडे सरक. माझं मूल मेलंय, नवरा युद्धावर गेलाय, घर जळतंय. काय करू विचारलं की, डावीकडे.”

“डावीकडून तू जास्त चांगली दिसायचीस,” आल्गोत कुरकुरला.

आत कुणीतरी फिसकन हसलं. सोल्वेग. मग दोघी हसायला लागल्या, आणि एकीचं थांबलं की दुसरीचं सुरू व्हायचं. दोन्ही बायका एका खिडकीत हसताना ऐकून आल्गोत इतका घाबरला की उठून आत गेला. व्हेंडेलाला उत्तर न देताच.

रविवारीही त्यानं उत्तर दिलं नाही. स्टेलाननं संध्याकाळी फोन हातात घेतला, बहिणीकडे बघितलं, आणि त्या मुलाला गाडीत बसायला सांगितलं.

सोमवारी प्रार्थनाघरात गावातली म्हातारी मंडळी बाकांवर बसली होती, इस्त्रीच्या कपड्यांत, सिनेमात जायचं म्हणून आणि देवाच्या घरी जायचं म्हणूनही. यातलं नेमकं काय ते न ठरवता. माइकेनआत्या पुढे गिटार जुळवत होती. गरुडवाला मुलगा दाराशी उभा होता, नम्रपणे कॉफी पीत. व्हेंडेला कॅमेऱ्याशेजारी आपल्या वीतभर अंतरावर उभी राहिली आणि तिनं कड्यावर हात ठेवला. आपण फोकस सांभाळायला आलोय की निरोप द्यायला, हे तिला ठाऊक नव्हतं.

आल्गोत आला. त्यानं नेहमीसारखा कॅमेऱ्यावर तळवा ठेवला, घोड्याच्या मानेवर ठेवावा तसा. वाकला, डोळा लावला. बराच वेळ तसाच राहिला. बाकावर कुणीतरी खोकलं. त्यानं कॅमेरा जरा उजवीकडे नेला, जरा डावीकडे. मग डोळा काढला.

“मध्ये कुणीतरी उभं आहे,” तो म्हणाला. “वर्षभर उभं आहे मेलं, हलतच नाही. व्हेंडेला, बघ बरं कोण आहे ते.”

आणि बाजूला झाला.

तिनं डोळा लावला. रबरी कड अजून त्याच्या कपाळानं गरम होती. समोर आत्या होती, गिटार होती, खिडकीतून येणारं ओशाळं ऊन होतं. मध्ये कुणी नव्हतं.

“कुणी नाही, बाबा. मोकळं आहे.”

“मग चालू कर,” तो म्हणाला, आणि त्याला कळेना की आता आपले हात कुठे ठेवायचे. कोटाच्या खिशात घातले, काढले. शेवटी तो बाकांमधून चाचपडत पुढे गेला आणि बहिणीसमोर उभा राहिला. हातात काही नसताना तिच्यासमोर उभं राहायची त्याची बहुधा पहिलीच वेळ होती.

आत्यानं विचारलं, डावीकडे सरकू का? गुनेलनं तिला पढवून ठेवलं होतं.

“नको. बस तशीच.” मग त्यानं विचारलं, “माइकेन, मी सिनेमात गेलो तेव्हा बाबा काय म्हणाले?”

“हे तू मला आज विचारतोयस?”

“आजवर हातात कॅमेरा होता.”

 आत्यानं तार छेडली. बोलून उत्तर द्यायची तिला सवयच नव्हती; वडिलांनाही नव्हती. तिनं गाऊन सांगितलं, की गावात पहिल्यांदा सिनेमाचा तंबू आला तेव्हा त्यांच्या वडिलांनी याच जागेवरून बजावलं होतं, जो तिथे जाईल तो थेट नरकात जाईल. आणि त्याच संध्याकाळी, तान्ह्याहून जरा मोठ्या आल्गोतला खांद्यावर घेऊन, ते तंबूच्या मागच्या बाजूला गेले होते:

तंबूला होतं भोक एवढंसं, बाबांनी लावला डोळा,
पापाची खात्री करता करता पाहिला खेळ तो सगळा.
खांद्यावरचं पोर म्हणालं, मला पण बघू द्या ना,
बाबा म्हणाले, पाप आहे रे, नीट मला बघू दे ना.

म्हातारी मंडळी आधी दचकली. मग एक आजी तोंडावर रुमाल धरून हसली, आणि ते हसू बाकाबाकांवरून मागे पसरत गेलं. आत्या थांबली नाही. तिनं पुढे गायलं, की मरेपर्यंत ते आपल्या लेकाच्या सिनेमांवर इथूनच तुटून पडायचे, आणि प्रत्येक सिनेमाचा शेवट कसा होतो हे त्यांना बरोबर ठाऊक असायचं.

आल्गोत पहिल्या बाकावर बसला.  त्याचे रुंद खांदे हलायला लागले. हसण्यानं की रडण्यानं, ते पाठमोरं कळत नव्हतं. मग त्यानं तोंड पुसायला मान वळवली, आणि दोन्ही होतं.

व्हेंडेलाच्या डोळ्यासमोर तो अर्धा आत आला होता, अर्धा बाहेर. तिनं कॅमेरा तसूभर वळवला. तिच्या हातानं, कुणी न सांगता, कडं आत्यावरून काढलं आणि हळूहळू त्याच्यावर आणलं, त्याच्या डोळ्याखालची एकेक सुरकुती लख्ख होईपर्यंत.

इतक्या वर्षांची सवय. त्याला चाहूल लागलीच.

“व्हेंडेला,” त्यानं मागे न बघता विचारलं, “मी फ्रेममध्ये येतोय का?”

“नाही,” ती म्हणाली, आणि कॅमेरा चालू ठेवला.